नोंदवहीने मागितलेले नाव

फिलिपीन्समधल्या आल्बाय प्रांतात ओआस नावाचे गाव आहे. तिथल्या जुन्या घराण्यांची आडनावे एकाखाली एक लिहिली, तर बहुतेक सगळी ‘र’ने सुरू होतात. ही माणसे एका कुळातली नाहीत, एका धंद्यातलीही नाहीत. १८४९ साली मनिलाहून आलेल्या एका सरकारी यादीची जी पाने या गावाच्या वाट्याला आली, त्यांवर ‘र’ची आडनावे होती. कारण एवढेच.

श्रोतेहो, आजचा विषय नावे आणि आडनावे हा आहे. अशा व्याख्यानाची सुरुवात सहसा अर्थापासून होते. इथे ती एका यादीपासून केली आहे. आपल्या आडनावाचा अर्थ काय, असे विचारणारे पुष्कळ भेटतात. ते आडनाव पहिल्यांदा कागदावर कोणी लिहिले आणि कशासाठी, हे फारसे कोणी विचारत नाही. आणि आडनावांच्या बाबतीत तरी खरा उलगडा बहुतेक वेळा या दुसऱ्या प्रश्नाने होतो.

ती यादी काढणारा अधिकारी म्हणजे फिलिपीन्सचा स्पॅनिश गव्हर्नर जनरल नार्सिसो क्लाव्हेरिया. २१ नोव्हेंबर १८४९ च्या हुकुमात त्याने आपली अडचण स्पष्ट मांडली आहे. देशी लोक आडनाव लावत नाहीत. लावलेच तर बाप्तिस्म्याच्या वेळी कानावर पडलेले एखादे धार्मिक नाव लावतात. त्यामुळे ‘दे ला क्रुझ’, ‘दे लोस सांतोस’, ‘देल रोझारियो’ अशी माणसे गावोगाव ढिगाने सापडतात. सख्ख्या भावांची आडनावे मात्र जुळत नाहीत. मग कर कोणाचा थकला, वारस कोण, लग्नाआड येणारे नाते आहे की नाही, हे ठरवायचे कसे? उपाय म्हणून सुमारे साठ हजार आडनावांची अकारविल्हे यादी छापली गेली. तीत स्पॅनिश आडनावे होती, झाडांची आणि खनिजांची नावे होती, भूगोलातले आणि कलाकौशल्यातले शब्द होते, शिवाय टागालोगसारख्या तिथल्याच भाषांमधले शब्दही होते. यादीची पाने प्रांताधिकाऱ्यांकडे गेली, तिथून गावचा पाद्री आणि गावचे मुख्य यांच्याकडे आली. घरच्या कर्त्याने आपल्या गावाला आलेल्या पानांतून एक आडनाव घ्यायचे आणि पुढे साऱ्या घराने तेच लावायचे. चार पिढ्यांपासून एखादे आडनाव चालत आल्याचे दाखवता आले, तर ते ठेवायची सवलत होती.

हुकुमातले शाळेविषयीचे कलम वाचले की मन अस्वस्थ होते. शाळामास्तरांना मुलांची नव्या आडनावांसकट नोंदवही द्यायची होती, आणि मुले एकमेकांना त्याच आडनावाने ओळखतील, हाक मारतील यावर मास्तरांनी लक्ष ठेवायचे होते. काल संध्याकाळपर्यंत ज्या सवंगड्याला घरच्या नावाने हाका मारल्या, त्याला आज सकाळी वर्गात सरकारी यादीतल्या शब्दाने हाक मारायची. मोठ्यांना दंडाचा किंवा तुरुंगाचा धाक होता. लहानांसाठी शाळा पुरेशी होती.

तरीही लोकांनी या आडनावांचे आपल्या परीने काहीतरी केले. होसे रिझाल हे फिलिपीन्सचे राष्ट्रपुरुष. त्यांच्या घराण्याचा मूळ पुरुष चीनमधून येऊन स्थायिक झालेला व्यापारी, आणि घराण्याने लावलेले आडनाव ‘मेर्कादो’, म्हणजे बाजार. क्लाव्हेरियाच्या हुकुमानंतर वडिलांनी ‘रिझाल’ हे आडनाव जोडले, पण व्यवहारात मेर्कादोच चालू राहिले. १८७२ मध्ये होसे बुर्गोस आणि आणखी दोन धर्मगुरूंना स्पॅनिश सत्तेने मृत्युदंड दिला. रिझाल यांचे थोरले भाऊ पासियानो हे बुर्गोस यांच्या जवळचे असल्याने मेर्कादो हे नाव सरकारच्या डोळ्यांवर आले होते. म्हणून धाकट्याला मनिलाच्या शाळेत घालताना ‘रिझाल’ म्हणून घातले. माणसे हुडकून काढता यावीत म्हणून आलेल्या व्यवस्थेतले आडनाव एका घराने मुलगा लपवण्यासाठी वापरले, आणि पुढे त्याच आडनावाने स्पॅनिश सत्तेला हादरवले.

सगळीकडची आडनावे अशी सरकारी हुकुमातून आली, असे मुळीच नाही. चीनमध्ये कुळनावे दोन हजार वर्षांहून जुनी आहेत. सोंग काळाच्या आरंभी रचलेली ‘शंभर आडनावां’ची पोथी चिनी मुले शतकानुशतके पाठ करत आली. त्या पोथीतले पहिले आडनाव ‘झाओ’ आहे, कारण त्या वेळच्या सम्राटाचे ते घराणे. पण जगाच्या फार मोठ्या भागात सामान्य माणसाला कायमचे, वंशपरंपरेचे आडनाव गेल्या अडीचशे वर्षांत चिकटले, आणि त्याची गरज माणसाला नव्हती, नोंदवहीला होती.

जपानचेच पाहा. मेजी राजवटीपूर्वी आडनाव उघडपणे लावायचा मान सामुराईंचा आणि थोड्या मानकऱ्यांचा. पुष्कळ शेतकरी घराण्यांची आपली आडनावे होती, पण ती दप्तरात लिहायची मुभा नव्हती. १८७० मध्ये सर्वांना परवानगी मिळाली. लोक थंडच राहिले. आडनाव लावले की त्यामागून नवा कर येईल, ही भीती असणे स्वाभाविक होते. मग १३ फेब्रुवारी १८७५ रोजी आडनाव सक्तीचे झाले. त्यामागे लष्कराचा आग्रह होता, कारण दोनच वर्षांपूर्वी सक्तीची सैन्यभरती सुरू झाली होती आणि गावातला नेमका कोणता तरुण भरतीला आला नाही, हे कळणे जरूर होते. घाईघाईत घेतलेल्या कितीतरी आडनावांत डोळ्यांसमोरचे शेतशिवारच उतरले. ‘तानाका’ म्हणजे भातखाचरातला. ‘यामामोतो’ म्हणजे डोंगराच्या पायथ्याचा.

तुर्कस्तानात हा कायदा २१ जून १९३४ रोजी मंजूर झाला आणि पुढच्या जानेवारीपासून लागू झाला. तोवर तिथला माणूस आपले नाव, बापाचे नाव, फार तर गावाचे किंवा एखादे टोपणनाव यांवर भागवत होता. मोठ्यांच्या नावापुढे पाशा, बे, एफेंदी अशा पदव्या होत्या. त्याही त्याच वर्षी नोव्हेंबरात कायद्याने गेल्या. २४ नोव्हेंबर १९३४ रोजी संसदेने मुस्तफा कमाल यांना ‘अतातुर्क’, म्हणजे तुर्कांचा पिता, हे आडनाव खास कायद्याने दिले आणि पुढे ते दुसऱ्या कोणी घेऊ नये असेही ठरवले. पंतप्रधान इस्मत पाशांना १९२१ मध्ये त्यांनी जिथे लढाया जिंकल्या त्या गावाचे नाव मिळाले: इनोनू. अतातुर्कांनी मानसकन्या साबिहाला ‘ग्योक्चेन’ हे आभाळाशी नाते सांगणारे आडनाव दिले, तेव्हा ती अजून वैमानिक झालेली नव्हती. लढाऊ विमानांची वैमानिक म्हणून ती जगाला माहीत झाली ती त्यानंतर.

पाशा आणि हमाल एकाच रांगेत उभे राहिले, दोघांनाही एकाच तऱ्हेचे आडनाव घ्यावे लागले, ही या कायद्याची थोर बाजू. पण परक्या वंशांची आणि टोळ्यांची नावे त्याने मना केली. त्याबरोबरच्या नियमावलीने आर्मेनियन ‘यान’, ग्रीक ‘इदिस’ आणि ‘पुलोस’, स्लाव्ह ‘इच’ असे प्रत्यय नाकारले. ज्यांच्या नावात त्यांच्या पूर्वजांची भाषा होती, त्यांना सांगितले गेले की ती भाषा या वहीत बसत नाही. दोन्ही बाजू खऱ्या आहेत, आणि पहिली सांगताना दुसरी झाकता कामा नये. हालिदे एदिप या कादंबरीकार त्या काळात देशाबाहेर होत्या. १९३५ मध्ये त्यांनी दिल्लीत जामिया मिल्लियामध्ये व्याख्याने दिली. त्यांचे आडनाव पुढे ‘आदिवार’ झाले. तुर्कीत त्याचा सरळ अर्थ होतो ‘नाव आहे’.

आडनावाशिवाय आधुनिक राज्य चालायचेच नाही, असे ज्यांना वाटते त्यांनी आइसलँडकडे पाहावे. तिथे आजही बहुतेकांना आडनाव नाही. मुलगा अमक्याचा ‘सोन’, मुलगी अमक्याची ‘दोत्तिर’. बापाचे नाही तर आईचे नाव लावा. पिढी बदलली की ते बदलते. नवी घराणेवजा आडनावे घ्यायला १९२५ पासून कायद्याने बंदी आहे, आणि टेलिफोनची डिरेक्टरी स्वतःच्या नावानुसार लावलेली असे. १९८० मध्ये जगात प्रथमच मतदारांनी एका स्त्रीला राष्ट्राध्यक्षपदी निवडले ते याच देशात. विग्दिस फिनबोगादोत्तिर, म्हणजे फिनबोगीची मुलगी विग्दिस. लोक त्यांना विग्दिस म्हणत आणि त्यात कोणाला अवमान वाटत नसे. २०१९ च्या कायद्याने, ज्यांना मुलगा किंवा मुलगी यांपैकी कोणत्याच नोंदीत राहायचे नाही, त्यांच्यासाठी ‘बुर’ हा तिसरा प्रत्ययही आला.

नोंदवही एकदा तयार झाली की ती कोणाच्या हाती पडेल, याची खात्री देता येत नाही. ऑस्ट्रियाचा सम्राट दुसरा जोसेफ याने १७८७ मध्ये ज्यूंना कायमचे आडनाव घ्यायला लावले. तोवर त्यांच्यात अमुक ‘बेन’ तमुक, म्हणजे तमुकचा मुलगा, अशी रीत होती. त्या आणि पुढच्या तसल्या हुकुमांनी गोल्डबर्ग, रोझेन्थाल, म्हणजे सोन्याचा डोंगर, गुलाबांचे खोरे, अशी जर्मन आडनावे रूढ झाली. ज्यूंनी बाकीच्या प्रजेसारखे व्हावे, हा त्यामागचा बोलून दाखवलेला हेतू. पुढे १७ ऑगस्ट १९३८ रोजी नाझी सरकारने उलटा हुकूम काढला. ज्याचे नाव सरकारी यादीतल्या ज्यू नावांपैकी नसेल, त्या प्रत्येक ज्यू पुरुषाने ‘इस्राएल’ आणि स्त्रीने ‘सारा’ हे नाव १ जानेवारी १९३९ पासून जोडायचे. आधी मिसळून जाण्यासाठी नाव दिले, मग वेगळे काढण्यासाठी. त्या वेगळे काढण्याचा शेवट कुठे झाला हे सांगायला नको.

त्याच वर्षांत आशियात कोरियन माणसाचे नाव जात होते. १९४० च्या फेब्रुवारीपासून सहा महिन्यांत जपानी वळणाचे घराणेनाम घ्या, असा फतवा जपानी सत्तेने काढला आणि सुमारे ऐंशी टक्के लोकांनी मुदतीत ते घेतले. न घेणाऱ्यांची शाळा, नोकरी, शिधा अडत असे. पण किम घराण्यांनी काय केले, तर आपल्या नावातले ‘सोने’ हे अक्षर नव्या नावातही ठेवले: कानेदा, कानेमोतो, कानेयामा. जपानी अधिकाऱ्याला वाचताना ते जपानी वाटे. घरातल्या मुलाला आपण किम आहोत हे त्या एका अक्षरात दिसे. दक्षिण कोरियात १९४६ मध्ये जुनी नावे परत मिळाली.

आता कोकणात येऊ. युरोपातले ज्यू ज्या काळात हुकुमाने गोल्डबर्ग होत होते, त्या काळात अलिबाग, पेण, रोहा, मुरूड या टापूत तेल काढणारे ज्यू गावाच्या नावाने ओळखले जात होते. पेणचे पेणकर, रोह्याचे रोहेकर, नवगावचे नवगावकर, किहीमचे केहीमकर. शनिवारी घाणा बंद ठेवतात म्हणून शेजारी त्यांना ‘शनवार तेली’ म्हणत. या बेने इस्राएलींना गावाची नावे कोणा सम्राटाने दिली नाहीत. शेजाऱ्यांच्या तोंडी होती, तीच झाली. त्यांच्या समाजाचा इतिहास लिहून ठेवणारे हाईम सॅम्युएल केहीमकर यांचे नाव नुसते उच्चारले तरी त्यात बायबल आणि अष्टागर दोन्ही आहेत. या समाजातले बहुतेक लोक पुढे इस्रायलला गेले. तिथे आजही ‘कर’ जोडलेली आडनावे सापडतात, आणि ती लावणाऱ्यांतल्या कितीतरी जणांनी आपल्या नावातले गाव पाहिलेलेही नाही.

खालच्या अंगाला गोव्यात मात्र पोर्तुगीज आले आणि धर्मांतराबरोबर नाव बदलले. बाप्तिस्मा देणारा पाद्री किंवा साक्षीला उभा राहिलेला पोर्तुगीज धर्मपिता यांचे आडनाव अख्ख्या कुटुंबाला मिळे. त्यामुळे एका गावचे भाऊबंद फर्नांडिस झाले आणि शेजारच्या गावचे रॉड्रिग्ज. ही आडनावे स्वतः मुळात ‘फर्नांदोचा मुलगा’, ‘रोद्रिगोचा मुलगा’ एवढेच सांगणारी. एकेकाळी स्पेन-पोर्तुगालातही ती पिढीगणिक बदलत होती. गोव्यात कित्येक ख्रिस्ती घरांना आपण पूर्वी कामत, प्रभू, पै होतो हे आजही ठाऊक असते, आणि गावकरीतले, म्हणजे गावच्या सामाईक जमिनीच्या संस्थेतले, कुळांचे वांगड धर्मांतरानंतरही चालू राहिले. नाव एका वहीत बदलले, दुसऱ्या वहीत हक्क टिकला.

महाराष्ट्रातल्या आडनावांविषयी गमतीचे पुष्कळ लिहिले गेले आहे. एकबोटे, पाचपुते, सहस्रबुद्धे, वाघ, कोल्हे अशी यादी देऊन हशा मिळवता येतो. इथे ती वाट नको, कारण मराठी आडनावांत नोंदवहीचा इतिहास जितका ठसठशीत दिसतो तितका थोड्याच भाषांत दिसत असेल. फडणीस, चिटणीस, पोतनीस, सबनीस, पारसनीस यांतला ‘नीस’ म्हणजे फारसी ‘नवीस’, लिहिणारा. फर्द लिहिणारा तो फडणवीस. फारसी पत्रव्यवहार लिहिणारा तो पारसनीस. कुलकर्णी गावचे दप्तर ठेवी, देशपांडे परगण्याचे. म्हणजे इथे लिहिणाऱ्याचा हुद्दाच त्याच्या नातवाचे आडनाव झाला. नाना फडणवीस यांचे खरे नाव बाळाजी जनार्दन भानू. पण पेशवाईचा हिशेब ज्यांच्या हाती, त्यांच्या कुळाचे नाव कोण विचारणार? हुद्द्याचे नाव कुळावर बसले ते कायमचे. इकडे शेतकरी, बलुतेदार यांना गावात आडनावाची फारशी निकड नव्हती. गोरा कुंभार, सावता माळी एवढ्यावर सारी ओळख पटत होती. महात्मा फुल्यांच्या घराण्याचे मूळ आडनाव गोऱ्हे, गाव सातारा जिल्ह्यातले कटगुण. पुण्यात घराण्याने फुलांचा धंदा धरला आणि लोक फुले म्हणू लागले. हेही बेने इस्राएलींसारखेच, शेजाऱ्यांनी दिलेले.

मग इंग्रजी शाळा, कोर्ट आणि जमिनीची कागदपत्रे आली, आणि प्रत्येकाला विचारले जाऊ लागले: पूर्ण नाव? ७ नोव्हेंबर १९०० रोजी साताऱ्याच्या सरकारी शाळेत एका मुलाची नोंद झाली, ‘भिवा रामजी आंबेडकर’. घराण्याचे आडनाव सकपाळ, मूळ गाव रत्नागिरी जिल्ह्यातले आंबडवे. गावावरून आंबडवेकर झाले, आणि लळा लावणाऱ्या एका शिक्षकांच्या आडनावाप्रमाणे ते आंबेडकर झाले, अशी आठवण सांगितली जाते. वर्गात ज्याला वेगळे बसवले जात होते, त्या मुलाची नोंद वहीत इतर मुलांच्याच रांगेत झाली. शाळेच्या ज्या रजिस्टरने फिलिपीन्सच्या मुलांच्या तोंडचे घरचे नाव काढून घेतले, तसेच एक रजिस्टर इथे एका मुलाला दारातून आत घेत होते. महाराष्ट्रात ७ नोव्हेंबर हा दिवस आता विद्यार्थी दिवस म्हणून पाळला जातो. तो सार्थच आहे.

आडनावाने जात कळते, म्हणून ते टाकूनच द्यावे, हा विचार विसाव्या शतकातला. १९२९ मध्ये चेंगलपट्टूला भरलेल्या स्वाभिमान परिषदेनंतर तमिळ मुलखात जातिवाचक नावे सोडायची लाट आली, आणि स्वाभिमान चळवळीचे नेते ई. व्ही. रामसामी यांनी स्वतःचे ‘नायकर’ सोडले. आज तमिळ माणसाच्या नावाआधी जी अक्षरे दिसतात ती बापाच्या किंवा गावाच्या नावाची. इतक्या मोठ्या समाजाने नावात असा बदल करून दाखवला, याचे मोल मराठी माणसाने अजून पुरते ओळखलेले नाही. आपल्याकडे आडनाव सांगितल्यावर समोरचा जो क्षणभर थांबतो, तो थांबण्याचा क्षण आजही कितीतरी जणांच्या काळजात रुततो.

आडनाव बाहेरून येते, पण पाळण्यातले नाव घरातून येते. तिथे तरी माणूस मोकळा असतो का? मंगोलियात दोन्ही तऱ्हेची नावे शेजारी शेजारी दिसतात. तिथे राज्यकर्त्यांनी १९२५ मध्ये कुळनावे बंद केली आणि १९९७ मध्ये कायद्याने पुन्हा घ्यायला लावली. मधल्या सत्तर वर्षांत असंख्य लोक आपले कूळ विसरून गेले होते. पुष्कळांनी चंगीझ खानाचे ‘बोर्जिगिन’ घेतले. अंतराळात गेलेले पहिले मंगोल गुर्रागचा यांनी ‘सान्सार’ घेतले. मंगोल भाषेत त्याचा अर्थ विश्व, आणि हा शब्द बौद्ध धर्माबरोबर तिथे पोचलेला आपला ‘संसार’. पण त्याच मंगोलियात मुलांची नावे ‘नेर्गुइ’, ‘एनेबिश’, ‘हुन्बिश’ अशी ठेवतात: निनावी, हा नव्हे, माणूस नव्हे. घरात आधीची मुले दगावली असतील तर दुष्ट शक्तीला चकवायचे, या पोरात घेण्यासारखे काही नाही असे तिला भासवायचे.

मराठी माणसाला हे समजावून सांगावे लागत नाही. दगडू, धोंडू, केरबा, उकिर्डा, भिकू. मूल जन्मले की सुपात घालून उकिरड्यावर ठेवायचे, मग उचलून आणायचे, आणि नाव ठेवायचे केरबा. यमाला वाटावे, हा केर आहे. या नावांना हसणाऱ्यांना त्या नावामागे पुरलेली दोन-तीन भावंडे दिसत नाहीत. धोंडू हे नाव कुरूप असेल. ते ठेवणाऱ्या आईइतकी व्याकूळ माया सुंदर नावांच्या पुस्तकातून निवडलेल्या नावातही असेलच असे नाही.

‘नकुशी’ मात्र त्या जातीचे नाव नाही. दिसायला ते धोंडूच्या शेजारी बसते, आणि म्हणूनच फसवते. धोंडूला नकोसा म्हटले जाते, कारण तो हवा असतो. नकुशीला नकोशी म्हटले जाते, कारण ती खरोखरच नको असते. तिच्यानंतर मुलगा व्हावा, हा त्या नावाचा नवस. सातारा जिल्ह्यात अशा मुलींची नोंद घेण्यात आली आणि २२ ऑक्टोबर २०११ रोजी एका समारंभात २८५ मुलींना नवी नावे मिळाली, त्यांचे दाखलेही. कोणी ऐश्वर्या झाली, कोणी वैशाली. काही मुली शाळेत जाणाऱ्या होत्या, म्हणजे हजेरीच्या वेळी वर्गात रोज ‘नकुशी’ हा शब्द मोठ्याने वाचला जात होता आणि ती ‘हजर’ म्हणत होती. या समारंभाने मुलींची गर्भातली हत्या थांबली नाही, हे खरे. पण एखाद्या मुलीने आपल्या नव्या नावाला पहिल्यांदा ‘हजर’ म्हणणे ही किरकोळ गोष्ट नाही. सरकारी वही इतक्या नेमक्या कारणासाठी उघडली गेल्याची उदाहरणे जगात फार नसतील.

मुलीचे नाव एवढ्यावर सुटत नाही. महाराष्ट्रातल्या कित्येक समाजांत लग्नात तांदळावर नवे नाव लिहायची चाल आहे. ताटातल्या तांदळात अंगठीने नवरा ते नाव लिहितो आणि माहेरचे नाव, बापाचे नाव, आडनाव, तिन्ही एका दिवसात जातात. लोकमान्य टिळकांच्या पत्नी सत्यभामाबाई माहेरच्या तापी. न्यायमूर्ती रानड्यांच्या पत्नी रमाबाई या माहेरच्या यमुना कुर्लेकर. गोपाळराव जोश्यांच्या पत्नी आनंदीबाई, १८८६ मध्ये पेनसिल्व्हेनियात डॉक्टर झालेल्या, त्याही माहेरच्या यमुनाच. पदवी मिळाली ती ‘आनंदीबाई जोशी’ या नावाला. दोन्ही यमुनांनी सासरच्या नावाने मोठे काम केले म्हणून निदान त्यांची पहिली नावे कोणी शोधून ठेवली. त्यांच्या बरोबरीच्या बाकी यमुनांची नावे कोणत्या वहीत आहेत?

जपानने या बाबतीत विलक्षण वळणे घेतली. १८७६ च्या सरकारी आदेशाने लग्नानंतर स्त्रीने माहेरचेच आडनाव लावायचे होते. १८९८ च्या नागरी संहितेने ते उलटवले, आणि पती-पत्नीचे आडनाव एकच हवे हा नियम तिथे आजतागायत आहे. २०१५ आणि २०२१ मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने तो कायम केला. नियमात कोणाचे आडनाव ते सांगितलेले नाही. बदलणाऱ्यांत सुमारे ९५ टक्के स्त्रिया असतात. भारतात तर असा कायदाही नाही. तरी पासपोर्ट, बँक, शाळेचा दाखला, सातबारा यांत एकाच बाईची तीन नावे होतात आणि ती सारी एकाच व्यक्तीची आहेत हे शपथपत्रावर तिलाच सिद्ध करावे लागते.

जुन्या वह्यांचे मोल २०२३ मध्ये साऱ्या महाराष्ट्राला कळले. मराठा आरक्षणाच्या मागणीतून कुणबी नोंदी शोधण्यासाठी निवृत्त न्यायमूर्ती संदीप शिंदे यांची समिती नेमली गेली आणि मोडी वाचणाऱ्यांना एकाएकी मागणी आली. जन्ममृत्यूची रजिस्टरे, शाळांची दाखलखारिज रजिस्टरे, महसुली दप्तरे धूळ झटकून उघडली गेली. नाशिक-त्र्यंबकेश्वरच्या तीर्थोपाध्यायांच्या नामावळीच्या चोपड्या तर सरकारी दप्तराहून वेगळ्या. तिथे यात्रेकरू स्वतःच्या पायांनी येतो, गाव सांगतो, आजा-पणजाचे नाव ऐकतो आणि खाली आपले नाव घालतो. ते त्याच्याकडून कोणी मागितलेले नसते. या चोपड्या आणि तालुक्यातालुक्यांतली शाळांची रजिस्टरे वाळवीच्या आधी छायाचित्रांत उतरवायला हवीत. आरक्षणाचा दावा असो वा नसो.

मार्च २०२४ मध्ये महाराष्ट्र शासनाने ठरवले की १ मे २०२४ रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलाच्या सरकारी कागदांवर आधी स्वतःचे नाव, मग आईचे, मग वडिलांचे आणि शेवटी आडनाव येईल. इतकी वर्षे नावात बापाची जागा होती, आईची नव्हती. ती आता झाली. हा निर्णय मनापासून स्वागत करण्यासारखा आहे. पण तो ग्रामसेवकाच्या आणि मुख्याध्यापकाच्या टेबलावर पोचला की एक अडचण उभी राहते. ज्या आईचे नाव लग्नात बदलले, तिचे कोणते नाव लिहायचे, जन्माच्या दाखल्यावरचे की तांदळात लिहिलेले? नवरा किंवा सासरा अर्ज भरत असेल तर उत्तर ठरलेले असते. म्हणून अर्ज घेणाऱ्याने हा प्रश्न आईला स्वतःला विचारावा, तिला लिहिता येत असेल तर त्या रकान्यात तिच्या हातानेच लिहून घ्यावे, आणि तिने यमुना लिहिले तर यमुनाच नोंदवावे.